ठगांची विनोदी टेलिफिल्म मराठीत करायची तर सावज कोण हवं?

गिरगावकर

बीबीसीची 'हसल' परत एकदा पहिल्या भागापासून शेवटपर्यंत बघितली आणि ती डोक्यातून जाईना, म्हणून हा धागा.

ज्यांनी पाहिलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. लंडनमधली पाच ठगांची टोळी, दर भागात एक नवं सावज. २००४ ते २०१२ या काळात आठ पर्वं झाली, प्रत्येकात सहा भाग. मूळ कल्पना टोनी जॉर्डनची. एड्रियन लेस्टर म्होरक्या. रॉबर्ट वॉन हा टोळीतला वयस्क, सुटाबुटातला गृहस्थ. त्याचं मुख्य काम म्हणजे श्रीमंत आणि हावरा माणूस हेरायचा आणि अलगद टोळीच्या दारात आणून सोडायचा. बंदुका नाहीत, रक्तपात नाही. मध्येच चित्र थांबतं, सगळे जागच्या जागी गोठतात आणि टोळीतला एखादा आपल्याकडे वळून डाव समजावून सांगतो. बघता बघता आपणही टोळीत सामील होतो. आणि तरीही शेवटी कळतं की आपल्याला अर्धंच सांगितलं होतं.

हा प्रकार मुळात छोट्या पडद्याचाच आहे असं माझं ठाम मत आहे. डाव खोलीत शिजतो आणि बहुतेक वेळा खोलीतच उरकतो. एक टेबल, एक बॅग, एक फोन आणि बोलण्यात तरबेज अशी चार-पाच माणसं. गाड्या उडवायची गरज नाही. बघणाऱ्याचं लक्ष चेहऱ्यांवर हवं, कोण कुणाकडे कधी बघतंय यावर हवं, आणि ते टीव्हीवर जास्त जवळून दिसतं.

मग मुंबईत घडणारी दीड तासाची एक मराठी टेलिफिल्म का होऊ नये? नट आहेत, नाटकात मुरलेले लेखक आहेत. माझ्या अटी दोनच. सावज असं हवं की त्याचे पैसे गेले तर बघणाऱ्याला मनापासून बरं वाटावं. आणि लेखकाने मला जरूर फसवावं, पण लबाडी न करता. उलगडा झाल्यावर मी मागे जाऊन बघितलं तर सगळ्या खुणा माझ्या डोळ्यांसमोर पडलेल्या असल्या पाहिजेत.

तुमची मतं आणि कल्पना येऊ द्या.

चहाबाज

+१. वाचतोय. 'हसल'मधला बारवाला एडी माझा फार आवडता. टोळी दर वेळी त्याचं बिल थकवते आणि तो दर वेळी गाफील सापडतो.

नाट्यवेडी

मराठीत ठग म्हटला की पहिलं नाव लखोबा लोखंडेचं. अत्र्यांचं 'तो मी नव्हेच' १९६२ साली रंगमंचावर आलं, माधव काझीच्या खऱ्या खटल्यावरून लिहिलेलं. प्रभाकर पणशीकर एकाच प्रयोगात निपाणीचा तंबाखूवाला लखोबा, दिवाकर दातार, कॅप्टन अशोक परांजपे, राधेश्याम महाराज अशी रूपं घ्यायचे. फिरता रंगमंच त्यासाठीच होता: कोर्टात साक्षीदार बोलायला लागला की मंच फिरायचा आणि ती घटनाच समोर उभी राहायची, तेवढ्यात पणशीकरांचा वेष, आवाज, चाल सगळं बदललेलं.

पण गिरगावकर, तुमच्या अटीत हे नाटक बसत नाही, आणि का बसत नाही ते बघण्यासारखं आहे. प्रेक्षक लखोबाच्या निगरगट्टपणाला हसतात, त्याच्या उलटतपासणीला दाद देतात. मात्र अत्र्यांनी गोष्ट कोर्टात मांडली. फसलेली एकेक बाई साक्षीच्या पिंजऱ्यात येऊन उभी राहते आणि तिचं काय गेलं ते तिच्याच तोंडून आपल्याला ऐकावं लागतं. लखोबा कितीही रंगला तरी आपण त्याच्या टोळीत जात नाही. त्याने सुटावं असं थिएटरात कुणाला वाटत नाही.

चहाबाज

आणि 'अशी ही बनवाबनवी'? १९८८ पासून आजतागायत लागला की घरातलं कुणी उठत नाही. बिऱ्हाड मिळवण्यासाठी दोघं बायकांचे वेष घेतात, म्हणजे फसवणूकच की. आणि सगळे त्यांच्या बाजूने!

गिरगावकर

नाट्यवेडी, अगदी नेमकं बोललात. पिंजऱ्यातल्या साक्षीचा मुद्दा मला सुचला नव्हता. पुढे परत त्यावर येईन.

चहाबाज, 'बनवाबनवी' माझाही जीव की प्राण आहे. पण तो फार्स आहे. तिथे आपल्याला पहिल्यापासून सगळं ठाऊक असतं, माहीत नसतं ते फक्त घरमालकिणीला. मजा कशाची, तर आता पदर सरकेल, आता आवाज फुटेल, याची. ठगांच्या गोष्टीत उलटं असतं. तिथे लेखकाने आपल्यापासूनच काहीतरी दडवलेलं असतं. 'द स्टिंग'मध्ये (१९७३, सात ऑस्कर) शेवटी जे एफबीआयवाले घुसतात, ते कोण हे कळल्यावर सावजाइतकेच आपणही चाट पडतो. ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी याहून जास्त सांगत नाही.

मराठी प्रेक्षकाला फार्स अंगवळणी पडलेला आहे. हा दुसरा प्रकार कुणी नीट हाताळलेला नाही, म्हणून तर धागा काढला.

करी रोड

एफबीआयवरून आठवलं. तोतया अधिकाऱ्यांची सगळ्यात मोठी गोष्ट तर आपल्याच शहरात घडलेली आहे, गिरगावकरांच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर.

१७ मार्च १९८७. टाइम्स ऑफ इंडियात छोटी जाहिरात आली: गुप्तचर आणि सुरक्षा अधिकारी पाहिजेत, ताजमध्ये येऊन भेटा. मोन सिंग नाव सांगणाऱ्या माणसाने दुसऱ्या दिवशी तिथे मुलाखती घेतल्या आणि सव्वीस जण निवडले. १९ तारखेला त्यांना ओळखपत्रं दिली, बसमध्ये बसवलं आणि सांगितलं की सरावासाठी खोटा छापा घालायचाय. बस थांबली ऑपेरा हाउसला, त्रिभुवनदास भीमजी झवेरींच्या पेढीसमोर. सीबीआयचा छापा म्हणून दुकान बंद करवलं, दागिने तपासणीसाठी पिशव्यांत भरून सीलबंद केले. मग मोन सिंग माल घेऊन बाहेर पडला तो आजतागायत सापडलेला नाही. दुकानात उरले ते सव्वीस उमेदवार, साहेब परत येतील म्हणून वाट बघत.

यावरून २०१३ मध्ये 'स्पेशल २६' आला हे सगळ्यांना माहीत आहे. तो दिल्ली, कलकत्ता असा फिरत मुंबईला येतो. अस्सल मुंबईची, ऑपेरा हाउस, चर्नी रोड, झवेरी बाजार अशी टेलिफिल्म मराठीत करायला काय हरकत आहे?

काळा कोट

माझी हरकत आहे. त्या सव्वीस जणांचं काय?

नोकरीची जाहिरात बघून इस्त्रीचा शर्ट घालून आलेली ही माणसं. निवड झाली म्हणून घरी सांगितलं असेल. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पोलिसांसमोर उभी. चौकशीत ते फसलेले आहेत हे उघड झालं ते वेगळं, पण ती संध्याकाळ त्यांनी कशी काढली असेल? रोज कोर्टात उभा राहणारा माणूस म्हणून सांगतो: तोतया अंमलदाराच्या प्रकरणात सगळ्यात जास्त हाल होतात ते ज्याला नकळत हाताशी धरलं त्याचे. सूत्रधार गायब असतो आणि ओळखपत्र याच्या खिशात सापडतं.

मोन सिंगची हुशारी मान्य. टेलिफिल्म करा, पण विनोदी म्हणू नका. आणि केलीत तर बसमधल्या एकाच्या नजरेतून करा.

करी रोड

काळा कोट, मुद्दा बिनतोड आहे. सव्वीस हा आकडा आपण कौतुकाने घेतो, त्यातल्या एकाचंही तोंड डोळ्यांसमोर येत नाही.

सायनकर

मी या धाग्यावर लिहू की नको या विचारात होते.

गेल्या वर्षी माझ्या मावशीला असाच एक 'सीबीआय अधिकारी' भेटला. व्हिडिओ कॉलवर. अंगात गणवेश, मागच्या भिंतीवर बोधचिन्ह, टेबलावर छोटा तिरंगा. तुमच्या आधार क्रमांकावर पार्सल पकडलंय, त्यात अमली पदार्थ आहेत, तुम्ही 'डिजिटल अटकेत' आहात, कॉल बंद केलात तर घरी पोलीस येतील. कुणाला सांगायचं नाही. मावशी निवृत्त शिक्षिका. आयुष्यात कधी कुणाचा रुपया बुडवला नाही. रात्रभर फोन समोर ठेवून खुर्चीत बसून राहिली. पाणी प्यायला उठायचं तरी त्या माणसाची परवानगी मागत होती. सकाळी बँकेत जाऊन मुदत ठेव मोडली.

गिरगावकर, तुमच्या 'हसल'मध्ये ते म्हणतात ना की प्रामाणिक माणसाला फसवता येत नाही? मावशी फसली ती प्रामाणिक होती म्हणूनच. सरकारी माणूस खोटं बोलणार नाही यावर तिचा विश्वास होता. आपल्या नावावर डाग लागेल याची भीती होती. हावरट माणसाने फोन आपटला असता.

त्यामुळे ठग म्हटलं की मला हसू येत नाही.

काळा कोट

सायनकर, मावशींना सांगा की त्यांची यात काही चूक नाही. आणि धागा वाचणाऱ्या प्रत्येकासाठी: 'डिजिटल अटक' अशी कुठलीही गोष्ट आपल्या कायद्यात नाही. कुठलाही तपास अधिकारी व्हिडिओ कॉलवर कुणाला अटक करत नाही आणि चौकशीसाठी पैसे खात्यात भरायला सांगत नाही. पैसे गेले असतील तर त्याच क्षणी १९३० वर फोन करा. रक्कम पुढच्या खात्यांत पांगायच्या आत कळवलं तर गोठवता येण्याची शक्यता असते. उद्या बघू म्हणू नका.

गिरगावकर

सायनकर, लिहिलंत हे फार बरं केलंत. मावशी आता सावरल्या असतील अशी आशा करतो.

तुमचं म्हणणं मला पूर्ण पटतं. ते वाक्य जगाबद्दल खरं नाहीच. जगात ठग भीतीवर जगतात, एकटेपणावर जगतात, नोकरीच्या गरजेवर जगतात. म्हाडाचं घर काढून देतो म्हणून लोकांचे पैसे घेणारे दलाल बघा. म्हाडा दर सोडतीला ओरडून सांगते की आमचे कुणी एजंट नाहीत, तरी माणसं फसतात, कारण त्यांना डोक्यावर छप्पर हवं असतं. त्याला हाव कसं म्हणायचं?

पण गोष्ट लिहिणाऱ्याने ते वाक्य स्वतःवर घालून घेतलेली अट म्हणून वापरावं असं मी म्हणतो. मी फक्त अशाच माणसाला लुबाडणार जो दुसऱ्याला लुबाडायला निघालाय, ही अट. नाट्यवेडींनी म्हटलं तसं, ज्या क्षणी फसलेला माणूस पिंजऱ्यात उभा राहून आपलं दुःख सांगू लागतो, त्या क्षणी हसू थांबतं. म्हणून विनोदी टेलिफिल्ममध्ये सावज असं शोधायला हवं की ते पिंजऱ्यात उभं राहिलं तर त्याला स्वतःचाच गुन्हा आधी सांगावा लागेल. तेवढं साधलं की मग तुम्ही-आम्ही, मावशीसुद्धा, मोकळेपणाने हसू शकू. मला तर वाटतं मावशींसारख्या माणसांनाच अशी गोष्ट बघताना सगळ्यात जास्त बरं वाटेल.

नाट्यवेडी

हे मनाला भिडलं. सावज ठरलं की विनोद ठरला.

पडद्यामागची

मी मालिकांच्या सेटवर कंटिन्युइटी (एका शॉटमधल्या गोष्टी पुढच्या शॉटमध्ये तशाच आहेत ना, ते) बघते, त्यामुळे व्यवहाराचं थोडं.

असल्या गोष्टी चॅनेलवर का येत नाहीत? डेली सोपला शेवट नको असतो. आठवड्याला सहा भाग, एपिसोडची बँक (आधीच शूट करून ठेवलेला साठा) भरायची, कथा लांबेल तेवढी लांबवायची. ठगांची गोष्ट तर शेवटासाठीच रचलेली असते. शेवटच्या दहा मिनिटांतून मागे यावं तशी ती लिहावी लागते. रोज सकाळी सेटवर सीन लिहून येतो तिथे हे जमणार नाही. त्यामुळे गिरगावकर म्हणतात तशी एकच दीड तासाची फिल्म, पूर्ण लिहून झाल्यावरच शूटिंगला उभी राहणारी, हाच मार्ग.

खर्चाची भीती मात्र कुणी बाळगू नये. घोडबंदरला किंवा मढला एक मोठी खोली आणि बाहेरची दोन-तीन लोकेशनं पुरतील. खरी मेहनत वेगळीकडे आहे. अशा फिल्ममध्ये उलगड्याच्या वेळी आधीचा प्रसंग परत दाखवतात, या वेळी दुसऱ्या बाजूने. पहिल्यांदा आपण बघतो की दिवाणजीने पाकीट शेटच्या हातात दिलं. दुसऱ्यांदा दिसतं की टेबलाखाली ते बदललं होतं. हे दोन्ही शॉट्स एकाच दिवशी, एकाच शिफ्टमध्ये, तोच दिवा, तोच घाम, ग्लासातलं पाणी तेवढंच ठेवून घ्यावे लागतात. महिन्याभराने परत सेट लावून घेतले तर बाहीची घडी वेगळी पडते आणि प्रेक्षकाला खोट कळते. मी असला एक प्रसंग केलाय. नटाचा डावा हात पहिल्या शॉटमध्ये टेबलाच्या कडेवर होता आणि दुसऱ्यात मांडीवर. दिग्दर्शकाने तो पूर्ण परत घेतला. सगळे वैतागले, पण तो बरोबर होता.

म्हणजे खुणा प्रामाणिकपणे मांडायच्या ही तुमची अट तांत्रिक बाजूनेही खरी आहे. प्रेक्षक आता रिमोट हातात घेऊन मागे जातो आणि बघतो.

चहाबाज

व्वा, बाहीची घडी! असले प्रतिसाद वाचायलाच इथे येतो.

करी रोड

ऑपेरा हाउस सोडून दिलं. आता दुसरं देतो, आमच्या गिरणगावातलं. बघा अटीत बसतंय का.

मटका सगळ्यांना ऐकून माहीत असतो. पण मटक्याच्या आधी आकडा होता. न्यूयॉर्क कॉटन एक्स्चेंजचे कापसाचे भाव टेलिप्रिंटरवर मुंबईत यायचे, आणि त्या भावाच्या ओपन आणि क्लोजवर, म्हणजे बाजार उघडतानाच्या आणि बंद होतानाच्या भावावर, लोक पैसे लावायचे. गिरणीतला कामगार ज्या कापसात दिवसभर नाकातोंडात तंतू घेऊन राबायचा, त्याच्याच भावावर संध्याकाळी आणे लावायचा. १९६१ मध्ये ते भाव येणं बंद झालं, आणि मग मडक्यातून चिठ्ठ्या आणि पुढे पत्ते काढायची पद्धत आली. कल्याणजी भगत, रतन खत्री हा सगळा पुढचा इतिहास.

आता 'द स्टिंग'चा डाव आठवा. घोड्यांच्या शर्यतीचा निकाल तारेने येतो. सावजाला पटवलं जातं की निकाल जाहीर व्हायच्या आधी तो आपल्याला कळेल. त्यासाठी अख्खा अड्डा खोटा उभारला जातो. अमेरिकेत हे खरंच चालायचं. डेव्हिड मॉरर नावाच्या भाषातज्ज्ञाने अशा ठगांशी बोलून १९४० मध्ये पुस्तकच लिहिलंय. सावज हेरायचं, ओळख वाढवायची, लालूच दाखवायची, एक-दोनदा जिंकू द्यायचं, मग मोठी रक्कम आणायला लावायची, आणि शेवटी त्याला असं वाटेला लावायचं की तो तक्रार करणार नाही.

टेलिप्रिंटर, दूरदेशीचा भाव, संध्याकाळचा अड्डा. १९६० च्या लालबागमध्ये हे सगळं तयार होतं. आपल्याला काही ओढूनताणून आणायची गरज नाही.

गिरगावकर

करी रोड, हेच! हेच हवं होतं.

सावज मी सांगतो. चाळीचा मालक. १९४७ च्या भाडे नियंत्रण कायद्याने भाडं वाढवता येत नाही, म्हणून हा खोली देताना पागडी (भाड्याव्यतिरिक्त एकरकमी पैसे) घेतो, जी त्या कायद्याने गुन्हा आहे, आणि वर भाड्याची पावती देत नाही. पावती नाही म्हणजे भाडेकरूकडे पुरावा नाही, म्हणजे उद्या त्याला हुसकावून त्याच खोलीची पागडी दुसऱ्याकडून घ्यायला मोकळा. घरात सगळी रोकड, हिशेबात कुठेच नाही.

काळा कोट

मालक हे सावज उत्तम. कायद्याच्या बाजूने पक्कं बसतं. पैसे गेले तर तो पोलिसांत काय सांगणार? आकड्यावर लावले म्हटलं तर १८८७ चा जुगार प्रतिबंधक कायदा त्याच्यावरच. एवढी रोकड आली कुठून विचारलं तर पागडी बाहेर पडते. गिरगावकरांनी म्हटलं तसंच: पिंजऱ्यात उभा राहिला तर स्वतःचा गुन्हा आधी सांगावा लागेल.

नाट्यवेडी

आणि टोळी कोण? बाहेरून धंदेवाईक ठग आणू नका. गिरणगावात प्रत्येक चाळीत नाटक बसायचं. गणपतीत, सत्यनारायणाला. कोकणातून आलेला दशावतार, नमन, शाहिरी, कामगार रंगभूमीवरची नाटकं. दिवसा साच्यावर उभे राहणारे हे लोक रात्री तालमी करायचे. तर चाळीतलं नाटकमंडळच अड्डा उभारतं! सेटिंगवाला खोली सजवतो, मेकअपवाला तोंडं रंगवतो, कायम राजाची भूमिका करणारा जॉबर (गिरणीतला मुकादम) अड्ड्याचा मालक होतो. आणि बाईचं पात्र करणारा पोरगा या वेळी पहिल्यांदा पुरुष म्हणून उभा राहतो, म्हणून तो सगळ्यात जास्त घाबरलेला. चाळीतल्या बायकांना पण डावात घ्या. कुणाच्या घरी किती रोकड आहे हे त्यांच्याइतकं कुणाला माहीत नसतं.

पडद्यामागची

नाट्यवेडी, माझ्या अंगावर काटा आला. नट नटांचं काम करणार म्हणजे वाईट अभिनयसुद्धा करून दाखवता येईल!

पण डावाचं यंत्र अजून सापडलेलं नाही. खोट्या अड्ड्यावर शेटला, म्हणजे चाळीच्या मालकाला, जिंकू देणं सोपं आहे. मात्र शेट हिशेबी माणूस. तो दुसऱ्या दिवशी पेपरातला भाव बघणार. आकडा खरा निघाला पाहिजे. आणि शेवटी हरेल तेव्हाही पेपरात जुळलं पाहिजे, नाहीतर अड्डा खोटा हे त्याला कळेल. मग खरा आकडा मंडळाला आधी कसा कळणार?

करी रोड

टेलिप्रिंटर चालवणारा फितवायचा?

पडद्यामागची

तो फितवला तरी न्यूयॉर्कला बाजार उघडायच्या आधी भाव येणार कुठून? अड्ड्यावरचा स्वीकार, म्हणजे लावलेले पैसे घेणं, बंद झाल्यानंतरच भाव येतो. म्हणून तर लोक लावतात.

गिरगावकर

यावर बराच विचार केला. घड्याळ!

अमेरिकेत उन्हाळ्यात घड्याळं एक तास पुढे नेतात आणि न्यूयॉर्कमध्ये त्या काळी ती ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी मागे यायची. आपल्याकडची घड्याळं तशीच राहतात. म्हणजे न्यूयॉर्क आणि मुंबईत एरवी साडेदहा तासांचं अंतर, तिकडच्या उन्हाळ्यात साडेनऊ. समजा तिकडे दहा वाजता पहिला भाव निघाला. हिवाळ्यात तो आपल्याला रात्री साडेआठला मिळणार, उन्हाळ्यात साडेसातलाच.

खऱ्या अड्ड्यावाल्यांना हे ठाऊक असणारच. ते उन्हाळ्यात सातलाच स्वीकार बंद करणार. पण आपला अड्डा खोटा आहे. तो आठला बंद होतो. फितूर तारवाला शेटला सांगतो: तो अड्डेवाला नवखा आहे, आकडा माझ्याकडे साडेसातला येतो आणि तो आठपर्यंत पैसे घेतो. का, ते तारवाला सांगत नाही आणि शेट विचारत नाही, कारण मिळतंय ना. शेट एका गरीब, अडाणी अड्डेवाल्याला लुबाडायला आपल्या पायाने चालत येतो. थोडे पैसे लावतो, जिंकतो. दुसऱ्या दिवशी पेपरात आकडा बघतो, तंतोतंत खरा.

आता १९६० चं कॅलेंडर घ्या. ऑक्टोबरचा शेवटचा रविवार ३० तारखेला. दिवाळी आठवडाभरापूर्वी होऊन गेलेली. सोमवारी ३१ ला शेट सगळी रोकड घेऊन येतो. साडेसातला तारवाला त्याला आकडा देतो, नेहमीसारखा. पण आज न्यूयॉर्कला अजून नऊच वाजलेत! बाजार उघडलेलाच नाही, तो आकडा मनाचा आहे. आठला स्वीकार बंद. साडेआठला खरा भाव येतो, दुसराच. शेट साफ. सकाळी पेपर बघतो, पेपर अड्ड्याच्या बाजूने. कुणी त्याला खोटा आकडा दाखवून लुटलेलं नाही. ज्या घड्याळाने जिंकवलं त्याच घड्याळाने बुडवलं.

काळा कोट

हे भलतंच सुंदर आहे. एक शंका: मनाचा आकडा चुकून खरा निघाला तर?

करी रोड

निघूच शकतो, दहात एक वेळा. ते मंडळालाही माहीत असलं पाहिजे! साडेआठला टेलिप्रिंटर खडखडायला लागतो तेव्हा खोलीतल्या प्रत्येक नटाच्या तोंडावर खरी भीती. शेटला वाटतं सगळे आपल्यासारखेच आकड्याची वाट बघतायत. इथे प्रेक्षकाचाही श्वास अडकेल.

चहाबाज

आणि प्रेक्षकाला खूण कुठे दाखवायची? गिरगावकरांची दुसरी अट राहिली.

पडद्यामागची

ते माझं काम. अड्ड्याच्या भिंतीवर दोन घड्याळं लावू, एक मुंबईचं, एक न्यूयॉर्कचं. असली दोन घड्याळं सजावट म्हणून कुठेही दिसतात, कुणी लक्ष देत नाही. पहिल्या प्रसंगात शेट साडेसातला आत येतो तेव्हा दुसऱ्या घड्याळात दहा वाजलेले, त्याच्या खांद्यामागे, स्पष्ट फोकसमध्ये. सोमवारी तसाच शॉट, तीच चौकट, मुंबईत साडेसात आणि दुसऱ्यात नऊ. मध्ये रविवारी रात्री मेकअपवाला स्टुलावर चढून घड्याळ पुसताना दिसेल. काटा फिरवताना दाखवायचा नाही, पुसतानाच. शेटला दोन्ही वेळा घड्याळ दिसतं, पण त्याची नजर पैशांवर. लबाडी कुठेच नाही, सगळं भिंतीवर आहे.

सायनकर

सगळं वाचत होते. मावशीलाही वाचून दाखवलं. तिचं एक म्हणणं आहे ते लिहिते: मंडळाने शेटचे पैसे वाटून खाऊ नयेत. ज्याच्याकडून जितकी पागडी घेतली तितकीच त्याला परत, आणि तिने वहीत बरोबर हिशेब मांडून दाखवावा. 'तिने' म्हणजे चाळीतली शिक्षिका. डावात एक शिक्षिका हवीच असं तिचं म्हणणं आहे, न्यूयॉर्कच्या घड्याळाची गोष्ट भूगोलाच्या पुस्तकातून तिलाच माहीत असणार.

गिरगावकर

मावशींना साष्टांग नमस्कार सांगा. डाव शिक्षिकेच्या डोक्यातून निघतो, ठरलं. रेखांश, दिवस-रात्र, घड्याळं हे सगळं ती पोरांना फळ्यावर शिकवत असते तोच पहिला प्रवेश. म्हणजे आणखी एक खूण उघडी ठेवली.

पावत्यांचं राहिलं. शेट हरल्यावर त्याला तातडीने रोकड लागणार. शिक्षिका चाळीतर्फे सांगते की वर्षाचं भाडं आगाऊ भरतो, प्रत्येकाच्या नावाने पावती फाडा. त्या पावत्या तो स्वतःच्या सहीने देतो. ते पैसे त्याचेच आहेत हे त्याला कधीच कळू द्यायचं नाही. काळा कोट, पावती एकदा हातात पडली की भाडेकरूला हलवणं किती कठीण होतं तेवढं दोन ओळींत लिहा. करी रोड, १९६० मधल्या चाळीतले भाड्याचे दर घरातल्या मोठ्यांना विचारून ठेवा. पडद्यामागची, तुम्ही पहिल्या प्रवेशाचा खर्डा इथेच टाका, दुसरा मी घेतो.